मोती-काळूची जुंपली तर...

परवा गेवराईच्या आमच्या घरी भाकरीच्या तुकड्यावरून मोती आणि काळूची अशी जुंपली की विचारू नका! धाकट्या जाऊबाई सोडवायला धावल्या आणि अंगठ्याला दात लागला. मैत्रिणींनो, भांडणात हात कधी घालू नये. चवताळलेलं कुत्रं धन्यालाही ओळखत नाही. लांबूनच बादलीभर पाणी फेकावं, वेगळी झाली की दोघांना निरनिराळ्या खोल्यांत कोंडावं. मुळात थाळ्याच दूर ठेवाव्यात. शेजारच्या माजलगाव तालुक्यात २०२१ च्या डिसेंबरात कुत्र्यांची पिलं पळवणारी दोन वानरं वनखात्याने पकडून नेली. घरच्या भांडणाला कोण येणार? सासूबाईंनी हळद-चुन्याची वाटी आणलीच होती, ती परत ठेवायला लावली. जखम साबण लावून वाहत्या पाण्याखाली १५ मिनिटं धुतली आणि तश्शाच सरकारी दवाखान्यात लस टोचून घ्यायला निघालो.