उशिरा फुलण्याचा भाव : अलास्कातील पिओनीची शेती

पिओनी ही थंड प्रदेशातील बहुवर्षायू फुलवनस्पती. हिवाळ्यात जमिनीवरचा सगळा भाग वाळून जातो; गड्डा तेवढा जिवंत राहतो आणि बर्फ वितळले की लालसर कोंब वर येतात. चांगले रुजलेले झाड पन्नास वर्षेही फुलते. कित्येक आठवड्यांची कडक थंडी मिळाली नाही तर कळी धरत नाही, त्यामुळे महाराष्ट्रात तिची शेती होत नाही. हिमालयात मात्र तिची एक रानटी जात आढळते.

कापलेल्या पिओनीच्या व्यापारात नेदरलँड्स आघाडीवर आहे. तिथला बहर मे-जूनचा. न्यूझीलंड आणि चिली या देशांची फुले ऑक्टोबरनंतर येतात. मधले जुलै, ऑगस्ट, सप्टेंबर हे महिने बाजाराला कोरडे जातात, आणि अमेरिकेत लग्नसराई असते नेमकी तेव्हाच. अलास्कात पिओनी फुलते ती याच महिन्यांत. फेअरबँक्सच्या विद्यापीठातील उद्यानतज्ज्ञ पॅट हॉलोवे यांनी 2001 साली प्रायोगिक लागवड केली आणि पुढे या फुलाची छोटी शेते राज्यभर उभी राहिली. केनाय द्वीपकल्पावरील होमर भागात समुद्राच्या गारव्याने बहर आणखी लांबतो. इथला शेतकरी फुलाइतकाच, किंबहुना फुलाहून जास्त, हा उशीर विकतो.

लागवड शरद ऋतूत होते. गड्ड्याचे तीन ते पाच डोळ्यांचे तुकडे जेमतेम पाच सेंटिमीटर खोल पुरतात. त्याहून खोल गेले तर पाने भरघोस येतात, फूल येत नाही. त्यानंतर तीन वर्षे थांबायचे. सुरुवातीला येणाऱ्या कळ्या खुडून टाकतात, म्हणजे जोर मुळांना मिळतो. तीन वर्षे तण काढायचे, खत घालायचे आणि हाती पैसा नाही. लग्नाच्या गुच्छाकडे पाहून हा हिशेब कुणाच्या लक्षातही येत नाही.

सगळी कसोटी तोडणीला लागते. कळी चिमटीत धरून हलकेच दाबतात. गोटीसारखी टणक लागली तर ती फुलदाणीत उमलेलच असे नाही. पाकळ्या सुटू लागल्या असतील तर ती प्रवासात टिकत नाही. दाबल्यावर किंचित दबणारी कळी कापायची. त्यातही ‘सारा बर्नहार्ट’सारखी भरगच्च पाकळ्यांची जात जरा जास्त मऊ होऊ द्यावी लागते. अलास्काच्या उन्हाळ्यात दिवस फार मोठा, त्यामुळे सकाळी टणक असलेली कळी संध्याकाळपर्यंत हातची जाऊ शकते. म्हणून त्याच ओळींतून दिवसाकाठी दोनदा फिरावे लागते, तेही कमरेत वाकून. कळीवरचा गोड पाझर चाटायला मुंग्या येतात. फूल उमलायला मुंग्या लागतात हा समज खरा नाही. त्या झटकायचे काम मात्र खरे असते. दांडा कापताना खाली पाने राखावी लागतात, नाहीतर पुढच्या वर्षीचा बहर रोडावतो.

कापलेल्या कळ्या प्रतवारी करून, पाण्यात न ठेवता, शून्य-एक अंश सेल्सिअसच्या शीतखोलीत ठेवतात. तिथे त्या काही आठवडे टिकतात. पुढे बर्फाच्या पिशव्यांसह खोक्यांत भरून विमानाने दक्षिणेकडील राज्यांत जातात. विक्री दांड्याच्या दराने होते. दर ऐकताना चांगला वाटतो, पण विमानभाडे, शीतखोलीची वीज आणि हंगामी मजुरी त्यातूनच जाते. पावसाळी हवेत करडी बुरशी कळ्या काळ्या पाडते, म्हणून शरदात वाळलेले दांडे कापून शेताबाहेर न्यावेच लागतात. उन्हाळा लवकर तापला तर बहरही लवकर येतो, आणि मग ज्या रिकाम्या बाजारावर सगळी भिस्त असते तो तितका रिकामा राहत नाही.

या धंद्यात उतरू पाहणाऱ्याने दांड्याचा दर नंतर विचारावा. आधी शीतखोली, विमानभाडे आणि बिनउत्पन्नाची ती तीन वर्षे यांची बेरीज मांडावी.