दहीहंड्याचं मीठ, पूर्णेचं पाणी

वऱ्हाडच्या नद्या : भाग चौथा

६ एप्रिल १९३० रोजी गांधीजींनी दांडीच्या किनाऱ्यावर मिठाचा कायदा मोडला आणि देशभर गावोगावच्या कार्यकर्त्यांना एकच ध्यास लागला, आपणही मीठ करायचं. कोकणात ते सोपं होतं. वऱ्हाडची मात्र पंचाईत झाली. अकोल्याहून समुद्र सरळ रेषेत मोजला तरी चारशे किलोमीटरच्या पुढे. विदर्भात पुढे जंगलचा कायदा मोडण्याची वाट निघाली. लोकनायक बापूजी अण्यांनी १० जुलैला पुसदच्या रानात गवत कापून अटक करवून घेतली ती याच वाटेनं. पण अकोला जिल्ह्यातल्या दहीहंड्याला मीठ खरोखरच तयार झालं. विहिरीचं पाणी काढायचं, आटवायचं, तळाशी राहील ते मीठ.

दहीहंड्याच्या म्हाताऱ्याकोताऱ्यांना यात नवल वाटलं नसणार. या परगण्यात खाऱ्या विहिरींच्या पाण्यापासून मीठ काढण्याचा धंदा पूर्वी चालतच असे, इंग्रजी अमलात तो बंद पडला. नवल वाटायला हवं ते आपल्याला. समुद्र नाही, खाडी नाही, लोणारसारखं सरोवरही जवळ नाही, मग विहिरीत मीठ आलं कुठून? उत्तर दहीहंड्याजवळून वाहणाऱ्या नदीनं दिलेलं आहे. गेल्या आठवड्यात आपण वर्धा पाहिली, आज पूर्णा.

आधी एक घोळ निस्तरू. येलदरी आणि सिद्धेश्वर धरणांची पूर्णा वेगळी, ती मराठवाड्यातून जाऊन गोदावरीला मिळते. गुजरातेत नवसारीकडे तिसरी पूर्णा आहे. आपली पूर्णा सातपुड्यात, बैतूल जिल्ह्यातल्या भैसदेही तालुक्यात पोखरणीजवळ उगम पावते. चांदूर बाजार तालुक्यात विश्रोळीच्या धरणाशी ती मैदानात उतरते आणि पश्चिमेला वळून अमरावती, अकोला, बुलडाणा असे तीन जिल्हे पार करत मुक्ताईनगर तालुक्यात चांगदेवला तापीत मिसळते. पुराणांतली पयोष्णी ती हीच, असं बरेच अभ्यासक मानतात. काहींच्या मते ते नाव तापीचं.

उत्तरेला सातपुड्याचे गाविलगड डोंगर, दक्षिणेला अजिंठ्याची रांग, आणि मध्ये पूर्व-पश्चिम पसरलेलं सपाट खोरं. नुसत्या नदीनं इतकं रुंद खोरं कोरलेलं नाही. सातपुड्याच्या पायथ्याशी जमिनीला मोठा भ्रंश आहे. तिथे कवच तुटलं, दक्षिणेकडची बाजू खचली आणि एक लांबट परात तयार झाली. नद्यांनी ती लाखो वर्षं गाळानं भरत आणली. उत्तरेकडून चंद्रभागा, शहानूर, वान. दक्षिणेकडून पेढी, उमा, काटेपूर्णा, मोर्णा, मन. प्रत्येकीनं आपापल्या डोंगरातला काळा दगड झिजवून इथे आणून टाकला. काही ठिकाणी या गाळाची जाडी तीनशे मीटरांहून जास्त आहे. वऱ्हाडच्या कापसाची कीर्ती इंग्लंडपर्यंत गेली ती या मातीच्या जोरावर.

मीठही याच मातीतलं. इथे पूर्वी समुद्र होता, तो आटला आणि मीठ राहिलं, असं गावागावांत ऐकू येतं. जुन्या काही भूवैज्ञानिकांनीही त्या दिशेनं विचार केला होता. पण नागपूरच्या राष्ट्रीय मृदा सर्वेक्षण संस्थेच्या शास्त्रज्ञांनी पुढे जे मांडलं, ते समुद्राच्या गोष्टीपेक्षा साधं आहे, आणि मला तरी जास्त थक्क करणारं वाटतं.

काळा दगड कुजताना त्यातून कॅल्शियम आणि सोडियम दोन्ही सुटतात. पाऊस भरपूर आणि निचरा चांगला असता तर दोन्ही वाहून समुद्राला गेले असते. पूर्णेच्या खोऱ्यात वर्षाकाठी सात-आठशे मिलिमीटर पाऊस, तोही चार महिन्यांत, आणि मग आठ महिने ऊन. ओल वर खेचली जाते, सुकते, आणि कॅल्शियम चुनखडीच्या खड्यांच्या रूपानं मातीतच बसून जातं. नांगराच्या फाळाला लागणारे ते पांढरे खडे इथल्या कोणत्याही शेतकऱ्याला ठाऊक आहेत. कॅल्शियम असं बाजूला पडलं की पाण्यात सोडियमचा जोर वाढतो, आणि सोडियम चिकणमातीच्या कणांना जाऊन चिकटतं. अशी माती भिजली की फुगते, तिची छिद्रं मिटतात आणि पाणी खाली जाईनासं होतं. निचरा थांबला की क्षार आणखी साठतात, क्षार साठले की निचरा आणखी थांबतो. आपण हिला चोपण जमीन म्हणतो. पावसाळ्यात तिच्यात पाय रुततो, उन्हाळ्यात तिच्या भेगांत हात जातो.

कापूस देणारी चिकणमाती आणि मीठ धरून ठेवणारी चिकणमाती एकच. खाऱ्या पाण्याचा हा पट्टा, म्हणजे खारपाणपट्टा, पूर्णेला लागलेला रोग असल्यासारखं लिहिलं-बोललं जातं, ते मला म्हणूनच पटत नाही. नदीनं जे आणून दिलं त्याचाच तो भाग आहे. साडेचार लाख हेक्टरांहून अधिक क्षेत्र या पट्ट्यात मोडतं. नानाजी देशमुख कृषी संजीवनी प्रकल्पात, म्हणजे 'पोकरा'त, या पट्ट्यातली ९३२ गावं वेगळी घेतली आहेत.

नकाशावर एक गंमत दिसते. एवढी मोठी नदी, पण तिच्या काठावर एकही मोठं शहर नाही. अमरावती बाजूला, अकोला मोर्णेवर, बाळापूर मन आणि म्हैस नद्यांच्या संगमावर. इमादशाहीची राजधानी अचलपूर सातपुड्याच्या पायथ्याला, गाविलगड आणि नरनाळा डोंगरावर. १८०३ च्या नोव्हेंबरात वेलस्लीनं भोसल्यांचा पराभव केला ते आडगावही खोऱ्याच्या उत्तर बाजूला. १८६७ मध्ये नागपूरला पोचलेली रेल्वे शेगाव, अकोला, मूर्तिजापूर, बडनेरा अशी दक्षिणेकडून गेली. पूर्णा ओलांडणारी मूर्तिजापूर-अचलपूरची शकुंतला रेल्वे त्यानंतर बऱ्याच वर्षांनी आली. पूर, चिखल ही कारणं आहेतच, पण विहिरीला गोडं पाणी नसलेल्या जागी शहर वसवायचं कशाच्या भरवशावर?

गोडं पाणी आहे ते सातपुड्याच्या पायथ्याला. डोंगर उतरताना नदीचा वेग एकदम मोडतो आणि ती जड दगडगोटे, वाळू तिथेच टाकते. या पट्ट्याला बझाडा म्हणतात. पाणी त्यात सहज मुरतं. अचलपूर, अंजनगाव सुर्जीच्या संत्राबागा, अकोट-तेल्हाऱ्याकडची केळी, बारी समाजानं पिढ्यान्‌पिढ्या जपलेले पानमळे आणि पानपिंपरी, हे सगळं त्या पाण्यावर. तिथून दक्षिणेला थोडं चालत जा. दगडगोटे संपतात, चिकणमाती सुरू होते, हापशीचं पाणी जिभेला लागतं. गजानन महाराजांच्या कथांमध्ये अकोलीच्या कोरड्या विहिरीला पाणी फुटल्याची कथा आहे. या मुलखातल्या माणसाला चमत्कार म्हणून काय आठवावं, तर पाणी!

पूर्णेचं पुण्य मात्र मिठानं कमी झालेलं नाही. भातकुली तालुक्यात ऋणमोचनला पौषातल्या रविवारी यात्रा भरते. तिथल्या काठावरच्या चिखलात लोकांचे हाल होत. १९०८ च्या सुमारास एका फाटक्या कपड्यांच्या माणसानं तिथे घाट बांधवून घेतला. तो डेबूजी, म्हणजे गाडगेबाबा. पुढे त्यांनी पंढरपूर, नाशिक, देहू-आळंदीला धर्मशाळा उभारल्या, पण कामाची सुरुवात पूर्णेच्या या चिखलातली. जन्म शेंडगावचा, बालपण दापुऱ्याचं, अखेर वलगावला पेढीच्या काठी, २० डिसेंबर १९५६ रोजी. सगळा मुलूख पूर्णेच्या खोऱ्यातला.

अकोल्याहून अकोटला जाताना गांधीग्राम लागतं. गांधीजींच्या अस्थी इथे पूर्णेत विसर्जित झाल्या. श्रावणातल्या शेवटच्या सोमवारी अकोल्याचे शिवभक्त इथून कावडी भरून रात्रभर चालत राजराजेश्वराला जलाभिषेक करायला निघतात; मोठ्या कावडींना भरण्यांच्या रांगाच्या रांगा बांधलेल्या असतात. श्रावणात नदीला पावसाचं पाणी असतं, ते गोडंच. इथला इंग्रजांच्या काळातला पूल २०२२ च्या ऑक्टोबरात तडे गेल्यामुळे बंद करावा लागला, तेव्हा अकोट-अकोला किती एकमेकांत गुंतलेले आहेत ते सर्वांना कळलं.

आता प्यायच्या पाण्याचं. खारपाणपट्ट्यातली गावं आज पायथ्याच्या नाहीतर दक्षिणेच्या धरणांवर जगतात. वानच्या धरणावरून चौऱ्यांशी खेड्यांची योजना, काटेपूर्णेवरून चौसष्ट खेड्यांची. पाइप फुटला, वीज गेली, बिल थकलं, की बायकांच्या डोक्यावर पुन्हा हंडे, आणि शेवटी तीच हापशी. मूत्रपिंडाच्या आजारांच्या तक्रारी या गावांतून वर्षानुवर्षं येत आहेत. वानच्या पाण्याचं अकोला शहरासाठी आणि बाळापूर तालुक्यातल्या गावांसाठी आरक्षण झालं तेव्हा तेल्हाऱ्याचे शेतकरी रस्त्यावर उतरले. दोन्ही बाजूंची गरज खरी, धरण एकच.

शेतीसाठी आतापर्यंत दिलेलं उत्तर म्हणजे मोठी कामं. नेर-धामणाचा बॅरेज, बुलडाण्यात जिगावचं धरण. आता वैनगंगेचं पाणी गोसेखुर्दहून चारशे किलोमीटरांहून लांब कालव्यानं नळगंगेपर्यंत आणायचं आहे. तापीचं पाणी जमिनीत मुरवण्याच्या महाकाय पुनर्भरण योजनेचा करार मे २०२५ मध्ये मध्य प्रदेशाबरोबर झाला, त्यातही खारपाणपट्ट्याचं नाव घेतलं गेलं. पाणी येऊ नये असं कोण म्हणेल? पुनर्भरणाला बझाड्यासारखी जागा नाही, हेही खरं. पण कालव्याचं पाणी चोपण जमिनीत सोडलं आणि निचऱ्याची सोय केली नाही, तर ते मुरणार कुठे? पाणी साचेल, आटेल, आणि क्षार आणखी वर येतील. सिंचनाचा अनुशेष हेक्टरांत मोजणाऱ्या आपल्या हिशेबात चर आणि नाल्यांचा रकाना सहसा नसतो.

अकोल्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाचा सल्ला यापेक्षा कमी भव्य आहे: जिप्सम टाका, धैंच्यासारखं हिरवळीचं खत गाडा, रुंद वरंबा-सरीवर पेरा म्हणजे जादा पाणी सरीतून निघून जाईल, आणि ते शेततळ्यात धरा. पावसाचं ते गोडं पाणी दिवाळीनंतर तुषार संचानं हरभऱ्याला एक-दोनदा दिलं की पीक तरून जातं. चिकणमातीतून पाणी झिरपत नसल्यानं बऱ्याच शेततळ्यांना प्लॅस्टिकच्या कागदाचीही गरज पडत नाही. विहीर खोदायला निरुपयोगी ठरलेली माती तळ्याला नेमकी कामी येते.

दर्यापूरकडे अनेकांचे आजोबा खरिपात रान मोकळं ठेवून सगळी ओल हरभऱ्यासाठी राखत. आता आधी मूग काढून घेतात आणि मग हरभरा पेरतात. कालवा येईल तेव्हा येईल, तोवर शेततळ्यांची मागणी वाढते आहे. फक्त बोअरचं खारं पाणी तळ्यात साठवून पिकाला देण्याचा प्रकार कुठे कुठे सुरू झाला आहे, तो वेळीच थांबवायला हवा.

पुढच्या आठवड्यात मोर्णा, आणि तिच्या काठावर वाढलेलं अकोला.