स्ट्युअर्ट मॅकॲलिस्टरची कात्री

क्राउन फिल्म युनिटच्या ‘लिसन टू ब्रिटन’ (१९४२) या वीस मिनिटांच्या माहितीपटाच्या श्रेयनामावलीत दिग्दर्शन आणि संकलन या दोन्ही कामांसाठी एकत्रच नावे आहेत : हम्फ्री जेनिंग्ज आणि स्ट्युअर्ट मॅकॲलिस्टर. संकलक दिग्दर्शकाच्या मांडीला मांडी लावून बसलेला क्वचितच दिसतो. एरवी त्याचा पाट कोपऱ्यात. जेनिंग्जचा हा मोठेपणा खरा, पण चित्रपट नीट पाहिला की हिशेबही चोख वाटतो.

मॅकॲलिस्टर स्कॉटलंडमधल्या विशॉचा, जन्म १९१४चा. ग्लासगोच्या कलाशाळेत त्याला नॉर्मन मॅक्लॅरन भेटला. ॲनिमेशनमध्ये पुढे जगभर गाजला तोच हा. दोघेही लंडनला टपाल खात्याच्या फिल्म युनिटमध्ये लागले. टपाल खात्याने माहितीपट काढावेत हे आज विचित्र वाटेल, पण त्या काळच्या ब्रिटिश माहितीपटातली कितीतरी मंडळी तिथेच घडली. युद्धात हेच युनिट ‘क्राउन’ झाले. हॅरी वॉटचा ‘टार्गेट फॉर टुनाइट’ आणि अग्निशमन दलावरचा जेनिंग्जचा ‘फायर्स वेअर स्टार्टेड’ या दोन्हींचे संकलन मॅकॲलिस्टरचेच.

काम चिकाटीचे. ३५ मिलिमीटरची फिल्म मिनिटाला ९० फूट पळते, म्हणजे वीस मिनिटांना १,८०० फूट. आणि ते वेचायचे त्याहून कितीतरी जास्त फिल्ममधून. चित्राची पट्टी वेगळी, आवाजाची वेगळी. सिंक्रोनायझरच्या दात्यांवर दोन्ही जुळवायच्या, मेणाच्या पेन्सिलीने खूण करायची, कापायचे, सिमेंटने चिकटवायचे. मन बदलून तोच जोड उघडायचा म्हटला, तर एखादी चौकट खर्ची पडायचीच.

‘लिसन टू ब्रिटन’मध्ये निवेदन नाही. युद्धकाळी, सरकारी पैशाने, प्रेक्षकाला काहीही न बजावणारा प्रचारपट! (अमेरिकेत पाठवताना मात्र सुरुवातीला एका गृहस्थांचे भाषण जोडले गेले.) कारखान्याच्या उपाहारगृहात फ्लॅनगन आणि ॲलन ही विनोदी जोडी गाते आहे, कामगार शीळ घालून साथ देताहेत. गाणे संपते तिथेच नॅशनल गॅलरीतला ऑर्केस्ट्रा मोत्झार्ट उचलतो. हवाई दलाच्या गणवेशातले वादक, पियानोवर मायरा हेस, श्रोत्यांत खुद्द राणी. चित्रे बॉम्बच्या भीतीने हलवलेली, म्हणून भिंतींवर रिकाम्या चौकटी. पियानो चालूच राहतो, पण पडद्यावर बाहेरचा ट्रफाल्गर चौक येतो आणि पुढे यंत्रांच्या घरघरीत मोत्झार्ट बुडून जातो. कामगार आणि राणी एकाच देशाची माणसे, हे कुणी बोलून दाखवत नाही. दोन सुरांच्या सांध्यात ते कानावर पडते. तो सांधा छायाचित्रणात सापडत नाही, तो कापण्याच्या टेबलावरच जन्मतो. माझ्या मते सगळा चित्रपट तिथेच तोलला जातो.

जेनिंग्ज १९५०मध्ये ग्रीसमध्ये कड्यावरून पडून गेला आणि नंतर दंतकथा झाला. मॅकॲलिस्टर ब्रिटिश ट्रान्सपोर्ट फिल्म्समध्ये रेल्वे-वाहतुकीच्या चित्रपटांवर राबत राहिला आणि १९६२मध्ये, पन्नाशी गाठण्याआधीच गेला. त्याचे चरित्र यायला १९८३ उजाडले : ‘पोर्ट्रेट ऑफ ॲन इनव्हिजिबल मॅन’. लेखक डाय व्हॉन स्वतः माहितीपटांचा संकलक. रॉजर ग्रेफच्या ‘द स्पेस बिटवीन वर्ड्स’ या १९७२च्या दूरचित्रवाणी मालिकेवर त्याने काम केले होते. तिथे कॅमेरा लोकांची बोलणी निमूट टिपत राहायचा, आणि त्या ढिगातून कुणाचे कुठे तोडायचे हे संकलकाला ठरवावे लागे. मॅकॲलिस्टरचे जोड वाचायला असाच माणूस हवा होता.