मंथरेच्या पलीकडच्या ललिता पवार

ज्यांना एपिसोड ऐकायला वेळ नाही किंवा रेंज नाही (आमच्या वाडीत दुसरं कारण जास्त चालतं), त्यांच्यासाठी हा लिखित भाग.

आजचा विषय आहे कॅरेक्टर अ‍ॅक्टर. म्हणजे हिरो-हिरॉइनच्या आजूबाजूची सासू, घरमालकीण, नर्स, हवालदार अशी माणसं उभी करणारे कलाकार. हॉलिवूडमध्ये थेल्मा रिटर होत्या, 'रिअर विंडो'मधली ती फटकळ नर्स. सहायक अभिनेत्री म्हणून ऑस्करची ६ नामांकनं, पण पुरस्कार एकदाही नाही. आपल्याकडे असं नाव कुणाचं? माझं उत्तर, ललिता पवार.

आपल्या पिढीला त्या मंथरा म्हणूनच माहीत. १९८७ची 'रामायण' मालिका २०२०च्या लॉकडाऊनमध्ये परत लागली, तेव्हा आमच्या घरी सगळे टीव्हीसमोर. शेजारची कोणी काडी लावायला आली की आजी अजूनही हळूच म्हणते, "मंथरा इली बघ!"

पण ललिताबाईंची सुरुवात अशी नव्हती. जन्म १९१६चा, नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याचा. मूकपटांच्या काळात, लहानपणीच त्या सिनेमात आल्या आणि पुढे नायिका झाल्या. १९४२ साली 'जंग-ए-आझादी'च्या शूटिंगमध्ये एका प्रसंगात भगवानदादांनी त्यांना थप्पड मारायची होती. ती फार जोरात बसली. चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, उपचार काही वर्षं चालले आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेचं करिअर तिथेच थांबलं.

मग आल्या त्या खाष्ट, कारस्थानी भूमिका. १९४४च्या 'रामशास्त्री'त त्या आनंदीबाई होत्या. 'ध'चा 'मा' केल्याची आख्यायिका जिच्या नावावर आहे, तीच आनंदीबाई. पुढे तर छळणारी सासू म्हटलं की ललिता पवार, हे समीकरणच झालं. कोडिंगच्या भाषेत सांगायचं तर प्रेक्षकांच्या डोक्यात डिफॉल्ट सेटिंग बसलं, बारीक डोळा म्हणजे बाई दुष्ट.

आता गंमत बघा. १९५५च्या 'श्री ४२०'मध्ये त्याच चेहऱ्याची केळेवाली आहे. फुटपाथवर राहणारी, पण राजला माया लावणारी. १९५९च्या 'अनाडी'त त्या मिसेस डिसा झाल्या. भाड्यावरून राजला फैलावर घेतात, आणि त्याच्यावर पोटच्या पोरासारखा जीवही टाकतात. आपल्या मालवण-गोव्याच्या पट्ट्यात अशी एखादी म्हातारी बहुतेकांनी पाहिलेली असते. तोंडाने शिव्या, हाताने जेवण. राज कपूरपेक्षा ललिताबाई फक्त ८ वर्षांनी मोठ्या होत्या, हे सिनेमा बघताना एकदाही जाणवत नाही. या भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं.

मग १९६२चा 'प्रोफेसर'. सुरुवातीला कडक शिस्तीच्या पालक. शम्मी कपूर म्हाताऱ्या प्रोफेसरच्या वेशात शिकवायला येतो आणि या बाई चक्क त्याच्या प्रेमात पडतात! लाजतात काय, नटतात काय. आपण हसतो, पण त्या बाईचं एकटेपणही जाणवतं, म्हणून शेवटी तिच्यावर हसणं जड जातं.

या सगळ्या भूमिकांमध्ये डोळा तोच आहे. मेकअपने तो लपत नव्हता. फरक पडतो तो आवाजात, चालण्यात आणि समोरच्याचं बोलणं ऐकताना त्या किती थांबतात त्यात. म्हणून मला त्यांची व्हर्सटॅलिटी जास्त मोठी वाटते. वेगळं दिसायची सोय नसताना त्या दर वेळी वेगळ्या झाल्या. आणि त्यांना बघताना आपल्यालाही कळतं, की चेहरा बघून माणसाचा स्वभाव ठरवायची सवय आपल्याला किती पक्की लागलीये.

१९९८ साली पुण्यात त्या गेल्या. तोवर सुमारे ७० वर्षं त्या पडद्यावर होत्या, आणि त्यातली बहुतेक वर्षं त्या अपघातानंतरची.

कुठून सुरुवात करू, असं विचाराल तर आधी 'अनाडी' बघा, मग 'प्रोफेसर'. मंथरा सगळ्यात शेवटी, ती तुम्हाला वेगळीच दिसेल. चला, भेटू पुढच्या एपिसोडमध्ये!