भरकटलेली वेळ ताळ्यावर आणताना

जुन्या घरातून फ्लॅटमध्ये आलेले लंबकाचे घड्याळ कधी दहा मिनिटे पुढे, कधी पाच मिनिटे मागे धावते, तर कधी मुकाट बंद पडते. मग घरचे म्हणतात, आता ते म्हातारे झाले. पुष्कळदा ते नीट टांगलेले नसते, नाहीतर लंबकाची लांबी बदललेली असते. या दोन्ही गोष्टी आपण घरच्या घरी सुधारू शकतो.

आधी त्यामागचे तत्त्व पाहू. किल्ली दिलेली स्प्रिंग चाकांना सतत ढकलत असते. तिला मोकळे सोडले तर काटे गरगरा फिरतील. तसे होऊ नये म्हणून नांगरासारखा एक छोटा तुकडा चाक अडवून धरतो आणि लंबकाच्या एका येरझारीला एकच दात पुढे जाऊ देतो. या अडवण्या-सोडण्याच्या रचनेला एस्केपमेंट म्हणतात. टिक-टॉक हा तिचाच आवाज.

लंबकाला एका येरझारीला लागणारा वेळ त्याच्या वजनावर नव्हे, लांबीवर ठरतो. हॉलंडच्या क्रिस्तियान हायगेन्स यांनी १६५६ साली याच गुणाचा उपयोग करून लंबक घड्याळाला जोडला, आणि दिवसाला सुमारे १५ मिनिटांची चूक १५ सेकंदांच्या आसपास आली.

पहिली पायरी टांगण्याची. घड्याळ हलवण्यापूर्वी लंबक काढून ठेवा, कारण तो ज्या पातळ पोलादी पट्टीवर लोंबतो ती सहज वाकते. खिळा भक्कम हवा. घड्याळाची पेटी हलत असेल तर लंबकाचा जोर तिला हलवण्यातच खर्च होतो आणि घड्याळ थांबते.

दुसरी पायरी ठोका सारखा करण्याची. लंबक झुलवा आणि डोळे मिटून ऐका. टिक आणि टॉक यांमधले अंतर दोन्ही बाजूंना सारखे हवे. एक अंतर लांब आणि एक आखूड, असे लंगडत ऐकू आले तर पेटीचे खालचे टोक किंचित डावीकडे किंवा उजवीकडे सरकवा. एका बाजूने लंगडेपणा वाढला तर उलट सरकवा.

इथे हमखास चूक होते. पेटी ओळंब्यात दिसली की आपण समाधान मानतो. पण पेटी सरळ असली तरी आतली यंत्रणा तिरकी असू शकते, म्हणून कानावर विश्वास ठेवा. ठोका जुळला की खालच्या कडेशी भिंतीवर पेन्सिलने खूण करा. झाडपूस करताना घड्याळ सरकले तरी ते पुन्हा खुणेवर आणता येते.

तिसरी पायरी किल्लीची. आठ दिवसांच्या घड्याळाला आठवड्यातून एकदा, ठरलेल्या वारी किल्ली द्या. दोन भोके असतील तर एक वेळेचे, दुसरे टोल्यांचे असते. दोन्हीकडे घट्ट लागेपर्यंत फिरवा. पूर्ण किल्ली दिल्याने घड्याळ बिघडते, ही भीती सोडा. मात्र फिरवताना किल्ली हातातून सुटू देऊ नका.

चौथी पायरी काटे लावण्याची. फक्त मिनिटकाटा फिरवा आणि तोही पुढेच. प्रत्येक टोल्यापाशी थांबून टोले पुरे होऊ द्या. घाई केली तर जुन्या घड्याळांत काटे एक वेळ दाखवतात आणि टोले दुसरीच.

आता मुख्य काम. बहुतेक लंबकांच्या गोळ्याखाली एक छोटा नट असतो. गोळा वर चढवला की लांबी कमी होते आणि घड्याळ जलद चालते. खाली उतरवला की सावकाश. सुमारे २५ सेंटिमीटर लांबीच्या लंबकात एका मिलिमीटरने दिवसाला जवळजवळ तीन मिनिटांचा फरक पडतो, म्हणून नट एका वेळी पाव फेराच फिरवा.

मग चोवीस तास हात लावू नका. आज रात्री नऊला मोबाइलशी वेळ जुळवली असेल तर उद्या नऊलाच फरक पाहा, वहीत लिहा आणि मगच नट फिरवून काटे पुन्हा जुळवा. सकाळी नट, दुपारी काटे, संध्याकाळी पुन्हा नट असे केले तर कशाने काय झाले ते कळत नाही. बहुतेक घड्याळे इथेच फसतात.

रोजचा फरक मिनिटाच्या आत आला की आठवड्याचा हिशेब धरा. ताज्या किल्लीचा जोर आठवड्याअखेरी उरत नाही, त्यामुळे एका दिवसाचे माप पुरत नाही. लंबकाची दांडी पोलादी असेल तर तापमान दहा अंशांनी वाढल्यावर ती किंचित लांबते आणि घड्याळ दिवसाला सुमारे पाच सेकंद मागे पडते. मे महिन्यातल्या एवढ्या फरकासाठी नट फिरवू नका.

ठोका सारखा असूनही घड्याळ काही तासांत थांबत असेल तर आत तेल सुकून धूळ बसली असण्याचा संभव असतो. खोबरेल किंवा स्वयंपाकाचे तेल घालू नका, ते चिकट होऊन यंत्रणा आणखी जड करते. घड्याळजीकडून साफसफाई करून घ्या.

आठवड्याला एक-दोन मिनिटांची चूक उरली तर घरातल्या घड्याळासाठी तेवढी अचूकता उत्तम आहे. तिथे नट सोडा आणि किल्लीच्या वारी काटा जुळवत राहा.