चौकच्या माळावरचा आग्रा

सिनेमाचा सेट मोडण्यासाठीच उभा राहतो. शेवटचा शॉट झाला की सुतार पहारी घेऊन येतात. वासे एकीकडे, प्लाय दुसरीकडे, पीओपीचा चुरा ट्रकमध्ये. जागेचं भाडं वाचवायचं तर दुसरा इलाज नसतो. नितीन चंद्रकांत देसाई यांनी मात्र २००५ मध्ये आपल्या रायगड जिल्ह्यात बावन्न एकरांवर एनडी स्टुडिओ उभारला, तो सेट टिकवण्याच्या जिद्दीने. लोक त्याला कर्जतचा स्टुडिओ म्हणतात, पण तो आहे खालापूर तालुक्यात, चौकजवळच्या हातनोलीत.

या जिद्दीतली जोखीम माझ्यासारख्या म्हसळ्यातल्या माणसाला समजावून सांगावी लागत नाही. आमच्याकडे चांगल्या जांभ्याच्या भिंतीलासुद्धा पावसाळ्याआधी झावळ्यांची झापं बांधायची रीत होती. प्लाय आणि पीओपी कोकणातल्या पावसापुढे किती तग धरणार?

देसाई मूळचे दापोलीचे, जन्म १९६५चा. मुंबईत जे. जे. आणि रहेजा या कलाशाळांत शिकून १९८७ मध्ये ते ‘तमस’ या मालिकेसाठी कला दिग्दर्शक नितीश रॉय यांच्या हाताखाली लागले. त्या काळात घरी न जाता सेटवरच दिवसरात्र काढल्याचं ते सांगत. ‘१९४२ : अ लव्ह स्टोरी’ने नाव झालं. पुढे ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’, ‘हम दिल दे चुके सनम’, ‘लगान’ आणि ‘देवदास’ या चार चित्रपटांसाठी चार राष्ट्रीय पुरस्कार. ‘लगान’चं गाव त्यांनी भुजजवळच्या कुनरियात वसवलं. २०००च्या ‘कौन बनेगा करोडपती’चा मंचही त्यांचाच.

कला दिग्दर्शकाची खरी परीक्षा दगडाच्या भिंतीत असते. आधी लाकडी सांगाडा, त्यावर प्लाय. खऱ्या दगडावरून किंवा मातीत घडवलेल्या नमुन्यावरून साचा निघतो. त्यात पीओपी ओततात आणि ते तडकू नये म्हणून नारळाचा काथ्या घालतात. पाटे सुकले की प्लायवर ठोकायचे, सांधे बुजवायचे. इथपर्यंत भिंत पांढरीफटक, खोटी दिसते. मग पेंटर येतो. आधी करडा रंग, त्यावर पातळ तपकिरी पाणी. ते खाचांत साचू द्यायचं आणि उंचवट्यांवरून फडक्याने पुसून घ्यायचं. पन्हळीखाली शेवाळाचा ओघळ, दाराच्या चौकटीवर हात लागून आलेली काळपट झाक. सेटवर याला एजिंग म्हणतात. चारशे वर्षांचं वय दोन दिवसांत चढवणाऱ्या त्या पेंटरचं नाव प्रेक्षकाला कधीच कळत नाही, याचं मला फार वाईट वाटतं.

‘देवदास’मध्ये पारोच्या घराला रंगीत काचेचे लाखाहून अधिक तुकडे लागले. पावसात रंग धुऊन जाई आणि तो पुन्हा चढवावा लागे, असं सांगतात. चंद्रमुखीचा कोठा गोरेगावच्या चित्रनगरीत तळ्याकाठी उभा राहिला. हाच चित्रपट २००२ मध्ये फ्रान्समधल्या कान महोत्सवात दाखवला गेला.

फ्रान्सला ही कला नवी नव्हती. अलेक्झांद्र त्रॉनेर हा मूळचा बुडापेस्टचा चित्रकार. नाझी अंमलात, ज्यू असल्यामुळे लपून राहून त्याने ‘ले आँफां द्यु पारादी’चे आराखडे काढले. नीसच्या स्टुडिओत पॅरिसचा एक अख्खा रस्ता बांधला गेला, वादळाने तो मोडला आणि पुन्हा बांधावा लागला. चित्रपट १९४५ मध्ये लोकांसमोर आला. आपल्याकडेही बाबूराव पेंटर आणि ‘प्रभात’चे साहेबमामा फत्तेलाल आधी चित्रकारच होते. देसाईंची जातकुळी हीच, माझ्या मते याच तोलामोलाची.

हॉलिवूडचे दिग्दर्शक ऑलिव्हर स्टोन भारतात जागा पाहायला आले, तेव्हा मोठ्या चित्रपटाला पुरेल असा स्टुडिओच इथे नाही, हे देसाईंना लागलं. एनडी स्टुडिओची कल्पना तिथून सुचल्याचं ते सांगत. मग चौकच्या माळावर ‘जोधा अकबर’साठी आग्र्याचा किल्ला आला. ‘राजा शिवछत्रपती’ ही मालिका त्यांनी स्वतः निर्माण केली. ‘बालगंधर्व’चे निर्मातेही तेच. पण बावन्न एकरांतल्या खोट्या भिंतींची डागडुजी दर पावसाळ्यानंतर खऱ्याच पैशांत करावी लागते. शूटिंग असो वा नसो, रंग आणि पगार थांबत नाहीत. करोनाच्या काळात तर सगळीकडेच शूटिंग बंद पडलं. कर्ज अडीचशे कोटींवर गेलं. २ ऑगस्ट २०२३ रोजी देसाईंनी त्याच स्टुडिओत आपलं जीवन संपवलं. अंत्यसंस्कारही तिथेच झाले.

आता स्टुडिओची व्यवस्था राज्य शासनाच्या चित्रनगरीकडे आली आहे. तिथे शूटिंग होईल, पर्यटकही येतील, आणि यावेतच. पण माझी मागणी वेगळी आहे. देसाईंचे आराखडे, छोटे नमुने आणि साचे जे काही उरलं असेल ते कोरड्या जागी जपा, आणि स्टुडिओतच सेट बांधण्याचं रीतसर शिक्षण सुरू करा. म्हसळा, श्रीवर्धन, तळा, महाड इथल्या सुतार-गवंड्यांच्या मुलामुलींना रंधा आणि थापी नवी नाही. त्यांना या कामासाठी मुंबईत खोली शोधत फिरावं लागू नये.