छायालेखन आणि अंतराचा विवेक : स्टुर्ला ब्रांट ग्रोव्हलेन

छायालेखक हा दिग्दर्शकाची कल्पना पडद्यावर उतरविणारा कारागीर, की चित्रकृतीचा स्वतंत्र निर्माता, हा प्रश्न जुनाच आहे. नॉर्वेचे छायालेखक स्टुर्ला ब्रांट ग्रोव्हलेन (जन्म १९८०) यांच्या कार्याच्या अवलोकनाने त्यावर बराच प्रकाश पडतो. डेन्मार्कच्या राष्ट्रीय चित्रपट विद्यालयातील शिक्षण २०११ मध्ये पूर्ण केल्यावर त्यांनी अनेक देशांतील दिग्दर्शकांसमवेत काम केले.

त्यांची कीर्ती मुख्यतः सेबास्टियन शिपर यांच्या ‘व्हिक्टोरिया’ (२०१५) या जर्मन चित्रपटावर अधिष्ठित आहे. सुमारे १३८ मिनिटांचा हा चित्रपट एकाच अखंड चित्रणाने सिद्ध झाला. २७ एप्रिल २०१४ रोजी, पहाटे साडेचारच्या सुमारास, बर्लिनमधील एका नृत्यगृहात आरंभलेले हे चित्रण उजाडल्यावर संपले. पटकथा अवघी बारा पृष्ठांची. संवाद बव्हंशी नटांनी आयत्या वेळी बोलावयाचे. आधीचे दोन संपूर्ण प्रयत्न बाजूस सारून तिसरा स्वीकारण्यात आला. संकलनाचा आधार येथे मुळीच नव्हता. पात्राच्या किती निकट जावयाचे आणि केव्हा मागे राहावयाचे, याचा निर्णय छायालेखकाला हातात कॅमेरा घेऊन, नटांबरोबर धावत असतानाच घ्यावा लागला. एरवी संकलकाची कात्री जे साधते, ते येथे छायालेखकाच्या पावलांनी साधले. २०१५ च्या बर्लिन महोत्सवात या छायालेखनास रौप्य अस्वल पारितोषिक विभागून मिळाले. चित्रपटाच्या अखेरच्या श्रेयनामावलीतही पहिले नाव ग्रोव्हलेन यांचेच आहे.

तथापि, सदैव गतिमान असणारा कॅमेरा हीच त्यांची शैली, असा निष्कर्ष काढणे चुकीचे ठरेल. त्याच वर्षीच्या ‘रॅम्स’ या आइसलँडिक चित्रपटात शेजारी राहूनही चाळीस वर्षे अबोला धरलेले दोन मेंढपाळ भाऊ आहेत. तेथे कॅमेरा बहुधा स्थिर व दूरस्थ राहतो, आणि दोन घरांमधील मोकळी भूमीच त्या दुराव्याची साक्ष देते. उलट, टॉमस विंटरबेर्ग यांच्या ‘अनदर राउंड’ (२०२०) या डॅनिश चित्रपटात हातातला कॅमेरा मद्यपी शिक्षकांच्या उल्हासात व अधःपातात त्यांच्या अगदी समीप वावरतो. योहान योहानसन यांच्या ‘लास्ट अँड फर्स्ट मेन’ (२०२०) मध्ये तर मनुष्य दिसतच नाही. युगोस्लाव्हियाच्या काळातील पाषाणवत् स्मारके १६ मिलिमीटरच्या कृष्णधवल फितीवर संथपणे उलगडत जातात.

या चित्रपटांचे तंत्र परस्परभिन्न असले, तरी त्यांमागील विचार एकच आहे. पाहणारा आणि पाहिला जाणारा यांच्यात किती अंतर असावे, हे विषयानुसार ठरविणे, हाच तो विचार होय. छायालेखकाचे स्वतंत्र कर्तृत्व शोधावयाचे, ते या निवडीत.